पोपटाचे पाहुणे

मे 2013मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सीबीआयला पिंजऱ्यातला पोपट म्हटले आणि सगळ्यांना पोपटाचीच कीव आली. कोळसा खाणवाटपाचा तपास-अहवाल न्यायालयात पोचण्याआधी कायदामंत्र्यांच्या नजरेखालून गेला होता. तपास सरकारचा, पहिले वाचकही सरकारच! न्यायाधीशांनी तपासात डोकावू नये, हा आक्षेप तसा रास्त; न्यायाधीशच फौजदार झाला तर आरोपीने दाद मागायची कुठे? पण इथे न्यायालय कुणाला पकडा असे सांगत नव्हते, अहवाल आधी कुणी वाचला एवढेच विचारत होते. बरे, नुसते पिंजऱ्याचे दार उघडून, म्हणजे सीबीआयला स्वायत्तता देऊन, भागले असते का? पोपट म्हटले तेव्हाच्याच सीबीआय संचालकांना 2014मध्ये न्यायालयाने टू-जी स्पेक्ट्रम-वाटपाच्या तपासापासून दूर केले, 2017मध्ये कोळसा प्रकरणातल्या आरोपींशी झालेल्या भेटींवरून त्यांचीच चौकशी लावली. भेटींचा बोभाटा झाला तो बंगल्यावरच्या नोंदवहीमुळे. नुसत्या स्वायत्ततेने ती वही उघडली नसती.