असू दे, लागेल कधीतरी

ठाण्यापासून कल्याणपर्यंतच्या कुठल्याही जुन्या सोसायटीत एक काका असतातच. त्यांच्या घरी वर्ष संपतं, कॅलेंडर संपत नाही. 31 डिसेंबरला इतरांचं ‘कालनिर्णय’ रद्दीत जातं, काकांचं माळ्यावर चढतं. जयंतराव साळगावकरांनी 1973 साली ते सुरू केलं तेव्हा त्यांच्या डोळ्यांसमोर सण आणि तिथ्या असतील. काकांच्या प्रतींत मात्र तारखांच्या चौकोनांत वेगळाच इतिहास आहे: ‘दूध दीड लिटर’, ‘सिलिंडर लावला’, ‘पाणी नाही’, ‘पाणी नाही’, ‘पाहुणे आले, पाणी नाही’.

काकूंनी रद्दीवाल्याला हाक मारली की काका एकच वाक्य बोलतात: “असू दे, लागेल कधीतरी.”

या दफ्तरखान्याची मांडणी फक्त काकांना कळते. पत्र्याच्या ट्रंकेत लाइटबिलं, बिस्किटांच्या डब्यात पुठ्ठ्याची रेल्वे तिकिटं, औषधाच्या खोक्यात मशीनमध्ये छापून घ्यायची लोकलची कूपनं. स्टेशनवरच्या वजनकाट्याची तिकिटंही आहेत. आपलं वजन एकेकाळी 52 किलो होतं, याचा हा लेखी पुरावा ते आल्यागेल्याला दाखवतात. मागच्या बाजूला छापलेलं भविष्य मात्र दाखवत नाहीत. ते अजून खरं व्हायचंय.

14 जुलै 2013 ला तारसेवा बंद होणार, असं पेपरात आलं तेव्हा काकांनी रांग लावून स्वतःलाच तार केली. मजकूर होता, ‘सुखरूप आहे.’

“विचारलं कुणी होतं?” काकू म्हणाल्या.

बंद घड्याळांचा कप्पा निराळा. त्यात लग्नातलं एचएमटी आहे. कंपनीचा घड्याळांचा धंदा 2016 साली बंद झाला, पण घड्याळ त्याच्या कितीतरी आधीपासून सव्वासातवर थांबलंय. ते दुरुस्त करायची परवानगी नाही.

पाहुणा इथवर टिकला तर काका खास विषयाला हात घालतात. 16 एप्रिल 1853 ला बोरीबंदरहून सुटलेली पहिली गाडी 57 मिनिटांत ठाण्याला पोचली. आजच्या धीम्या लोकललाही जवळपास तासच लागतो, मग पावणेदोनशे वर्षांत मिळवलं काय? यावर पाहुणा “गर्दी” असं उत्तर देतो आणि फसतो, कारण आता मुंबईची वेळ सुरू होते. देशाची प्रमाणवेळ 1906 पासून एक झाली, पण मुंबईने आपली जुनी वेळ लगेच सोडली नाही. ती 39 मिनिटांनी मागे होती आणि शहरात 1955 पर्यंत रेंगाळली. “ती 39 मिनिटं गेली कुठे?” काका भिंतीवरच्या घड्याळाकडे बघत विचारतात. गाडी चुकू नये म्हणून ते घड्याळ 10 मिनिटं पुढे ठेवलेलं असतं.

कल्याणचं सार्वजनिक वाचनालय 1864 चं, ठाण्याचं मराठी ग्रंथसंग्रहालय 1893 चं. दोन्हींबद्दल काकांना आदर आहे. पण आपली 1991 ची पाणीपट्टीची पावती तिथे मिळत नाही, हे ते नम्रपणे नोंदवतात.

सध्या या पंथावर पुनर्विकासाचं संकट आहे. बिल्डरने पडद्यावर नवी इमारत दाखवली: जिम, पोडियम, दोन लिफ्ट. सगळे खूश. काकांनी एकच प्रश्न विचारला, “माळा कुठाय?” सभा हसली.

मग कळलं की जमीन अजून सोसायटीच्या नावावरच नाही. डीम्ड कन्व्हेयन्सचा अर्ज करायचा तर मूळ करारनामे हवेत, मंजूर नकाशा हवा. सोसायटीची फाइल दोन सेक्रेटरींच्या भांडणात गहाळ झालेली. शेवटी सध्याचे सेक्रेटरी रात्री बर्मुड्यावरच काकांच्या दारात आले. काका स्टुलावर चढले आणि नकाशा, करारनामा, बांधकामाच्या पहिल्या हप्त्याची पावती असं सगळं एकाच पिशवीतून खाली आलं. पिशवी 1986 च्या साडीच्या दुकानाची. ती त्यांनी परत मागून घेतली.

तेव्हा तुमच्या इमारतीतले काका कितव्या मजल्यावर राहतात, ते आजच विचारून ठेवा. जाताना झेरॉक्सचे पैसे सुट्टे न्या. मूळ कागद ते कुणाच्या हातात देत नाहीत, दुकानापर्यंत स्वतः बरोबर येतात आणि झेरॉक्सची पावतीही मागून घेतात.