ड्राइव्हवे स्वतः केला म्हणे!

अहो, ऐकलंत का? ऑस्टिनच्या आपल्या मराठी मंडळींत नवं खूळ शिरलंय. पिकलबॉल मागे पडला, करोनाच्या काळातलं सावरडोचं विरजण फ्रीजमध्येच मेलं आणि टेस्लाकडे आता कुणी मान वळवूनही बघत नाही. सध्या भाव आहे तो खरवडलेल्या डांबराला. हसू नका! हायवेवरून उखडलेलं, हजारो ट्रकांनी तुडवलेलं जुनं डांबर पैसे मोजून घरी आणायचं, फाटकापासून गराजपर्यंत अंथरायचं आणि मग मंडळाच्या गणपतीत प्रसादाची वाटी हातात घेऊन, कुणी विचारलेलं नसताना सांगायचं, "ड्राइव्हवे ना? स्वतःच केला."

स्वतः! पुण्यात असताना यांच्या हातात घमेलं सोडा, साधा झाडूही कुणी पाहिला नव्हता. सोसायटीसमोर खड्डा पडला की नगरसेवकाच्या नावानं शंख करायचा, एवढाच यांचा रस्तेबांधणीशी संबंध. तेच गृहस्थ आता वरणभात कालवताना 'कॉम्पॅक्शन' आणि 'ग्रेड'वर बोलतात. त्यातले एक तर चक्क सिव्हिल इंजिनिअर निघाले. कॉलेज सुटल्यापासून जन्मभर जावा लिहिली, आता कुठे विटा-खडीची आठवण झाली. "चला, डिग्री शेवटी कामाला आली," असं त्यांची बायको चारचौघांत म्हणाली. ते कौतुकानं की कसं, यावर आम्हा बायकांत अजून एकमत झालेलं नाही.

मुळात याला कारण जमिनीची हाव. शहरात वीतभर अंगण आणि वर एचओएचा, म्हणजे तिथल्या घरमालक संघाचा, जाच: दाराचा रंग त्यांना विचारून, कचऱ्याचा डबा त्यांच्या वेळेनं. म्हणून मंडळी निघाली पश्चिमेला ड्रिपिंग स्प्रिंग्जकडे, नाहीतर ईशान्येला टेलरकडे. दोन-चार एकर, हरणं, चांदणं, सगळं फोटोत झकास. फोटोत येत नाही तो दारापासून मुख्य रस्त्यापर्यंतचा दोनशे फुटांचा धुरळा. डोंगराकडची वाट म्हणजे कॅलिची नाहीतर चुनखडीचा चुरा. एक गाडी आली की अंगणातल्या तुळशीपर्यंत सगळं पांढरं. काँक्रीटचं कोटेशन आलं की नवरा-बायको दोन दिवस एकमेकांशी बोलत नाहीत. ताजं डांबर घ्यावं, तर ते दीडशे अंश सेल्सिअसच्या आसपास तापलेलं येतं. निवायच्या आत पसरून त्यावर रोलर फिरवायचा, म्हणजे काम टोळीचं. मग उरलं काय? मिलिंग.

मिलिंग म्हणजे रस्त्याची खरवड. जुना रस्ता नव्यानं करताना कार्बाइडचे दात बसवलेला भलामोठा ढोल फिरवून वरचा थर सोलून काढतात, तो चुरा. अमेरिकेत डांबरी रस्ता १८७० पासून आहे. एडमंड डी स्मेट नावाच्या बेल्जियन रसायनतज्ज्ञानं पहिला तुकडा घातला तो न्यू जर्सीतल्या नेवार्कमध्ये, म्हणजे आज आपली निम्मी माणसं जिथल्या विमानतळावर उतरतात तिथंच. पण पुढची शंभर वर्षं जुना थर टाकून द्यायचीच रीत होती. १९७३ साली तेलाचे भाव भडकले आणि साऱ्यांना साक्षात्कार झाला की या कचऱ्यात तेलाचाच ऐवज आहे. किती? वजनात सुमारे ५ टक्के बिट्युमेन, बाकी ९५ टक्के खडी-वाळू. आमच्या मंडळींच्या ड्राइव्हवेत याखेरीज १०० टक्के बढाई असते, ती वेगळी.

आणि बढाईला हिरवा मुलामाही हवाच. "आम्ही रिसायकल करतो, पृथ्वीसाठी," असं एक भाऊजी छातीवर हात ठेवून सांगत होते. आता यांनी हात लावला नसता तर ते डांबर कुठं समुद्रात जाणार होतं का? या देशात सगळ्यात जास्त पुनर्वापर होणाऱ्या मालात रस्त्याचं डांबर बसतं. एकट्या २०२१ साली ९ कोटी टनांहून जास्त खरवड नव्या रस्त्यांच्या मिश्रणात परत गेली. तिथं जुनं बिट्युमेन पुन्हा तापून बिट्युमेन म्हणूनच राबतं आणि तेवढं नवं तेल वाचतं. भाऊजींच्या दारात मात्र ते बरंचसं खडीचीच नोकरी करतं. म्हणजे पृथ्वीनं यांचे आभार मानायचे की यांनी पृथ्वीचे, तुम्हीच ठरवा.

बरं, माल घेताना कुळ-गोत्र विचारायची पद्धत आपल्याकडे पक्की. पण इथं नेमकं तेच कुणी विचारत नाही. हायवेची खरवड वेगळी, मॉलच्या पार्किंगची वेगळी. पार्किंगवर वर्षानुवर्षं काळं चकचकीत सीलर फासलेलं असतं आणि जुनं सीलर कोल-टारचं असू शकतं. त्यातली पीएएच नावाची रसायनं पावसाबरोबर ओढ्यात उतरतात. हे कुणाच्या गावीही नव्हतं तेव्हा आपल्याच ऑस्टिननं ते उजेडात आणलं, २००५ साली ठराव केला आणि २००६ च्या १ जानेवारीपासून असल्या सीलरवर बंदी घातली. देशातली पहिली बंदी! ज्या गावानं एवढं केलं त्या गावात "माल कुठला आणला?" या प्रश्नाला उत्तर काय मिळतं? "स्वस्तातला."

हायवेचा मालही चाळलेला नसेल तर मजाच. एका घरी आम्ही पाहायला गेलो. हो, आता ड्राइव्हवे पाहायला जातात, पूर्वी बाळ पाहायला जायचे. तिथं काळ्या चुऱ्यात तळहाताएवढं ढेकूळ वर आलेलं, आणि त्याच्यावर हायवेच्या मधल्या पिवळ्या पट्टीचा तुकडा जसाच्या तसा! वाकून पाहिलं तर रंगात काचेचे बारीक मणी लुकलुकत होते, रात्री दिव्यात पट्टी चमकावी म्हणून टाकतात तेच. यजमान म्हणाले, "डिझायनर टच." यजमानीणबाई म्हणाल्या, "चहा घेणार ना?"

आता त्या 'स्वतः केला'ची जरा उलटतपासणी घेऊ या. दोनशे फूट लांब, बारा फूट रुंद, चार इंचांचा सुटा थर: झाले आठशे घनफूट, म्हणजे चाळीस-पंचेचाळीस टन. तीन-चार ट्रक. ते आणले कुणी? ट्रकवाल्यानं. पसरले कुणी? त्यानंच! ट्रकच्या मागच्या फाळक्याच्या साखळ्या अशा बांधतात की फट चार बोटंच उघडते. मग तो हौदा उचलून मुंगीच्या पावलांनी गाडी पुढं नेतो आणि मागं पट्टा अंथरला जातो. (ज्यांनी ही विनंती न करता नुसता ढीग ओतून घेतला, त्यांचा ढीग टेक्सासच्या उन्हात एका आठवड्यात एकसंध ढेप झाला, आणि मग खरोखरच स्वतः कुदळ घ्यावी लागली. तो किस्सा ते प्रसाद वाटताना सांगत नाहीत.) समतल कुणी केलं? शेजारच्या गाईवाल्या आजोबांनी, ट्रॅक्टरला बॉक्स ब्लेड लावून. मोबदला एक डबा बेसनाचे लाडू. दाबलं कशानं? भाड्याच्या रोलरनं. इथं साहेब खरंच बसले होते, मान्य. पण आधी पैसे वाचवायला हाताची प्लेट कॉम्पॅक्टर आणली होती. संध्याकाळी कपातला चहा बशीत सांडायला लागला, तेव्हा रोलरची बुद्धी झाली.

आणि एवढं करून माल बांधतं कोण? ऊन! उरलंसुरलं बिट्युमेन ऑगस्टच्या उन्हात मऊ होतं, दाबलं की खडीला खडी चिकटते, आणि पुढचे कित्येक महिने येणारी-जाणारी चाकं ते घट्ट करत राहतात. २०११ साली ऑस्टिनला नव्वद दिवस पारा शंभर फॅरनहाइटच्या वर होता. ड्राइव्हवेवाल्यांच्या तोंडाला आता त्या उन्हाळ्याच्या आठवणीनं पाणी सुटतं. आम्ही मात्र यात पुरत्या नागवल्या गेलो. सत्यनारायणाला बोलावलं म्हणून गेलो, तर यजमान फाटकाशी उभे, सोवळ्यात, आणि हातवारे करून ओरडतायत, "वहिनी, चाकोरी सोडून घाला गाडी! जरा डावीकडून! आणि उभ्या गाडीत स्टिअरिंग फिरवू नका, ओरखडा पडतो!" तीस गाड्या आल्या, तीस गेल्या. पूजेचं पुण्य कुणाला मिळालं ते देव जाणे, रोलिंग मात्र त्यांचं फुकटात झालं.

मग स्वतः असं केलं तरी काय? ज्यांना खरंच ठाऊक आहे ते सांगतात की करण्यासारखं सगळं खरवड यायच्या आधीचं असतं. पहिलं म्हणजे फोन. खणण्यापूर्वी ८११ फिरवायचा; २००७ पासून देशभर हाच नंबर आहे आणि तो फुकट आहे. माणसं येऊन जमिनीवर रंग मारून जातात: वीज लाल, गॅस पिवळा, पाणी निळं, इंटरनेट नारिंगी. एका महाशयांनी "आपल्याला कुठं खोल जायचंय" म्हणून फोन टाळला. ब्लेड खोल गेलं नाही, पण केबलही खोल नव्हती. सोमवारी सकाळी अख्ख्या गल्लीची ऑफिसची मीटिंग बुडाली. शेजाऱ्यांत इतकी एकी त्या गल्लीत पूर्वी कधी दिसली नव्हती.

दुसरं म्हणजे माती. ढोबळमानानं आय-३५ च्या पश्चिमेला चुनखडीचा खडक, पूर्वेला काळी माती. आणि ही काळी माती म्हणजे आपली, विदर्भ-मराठवाड्यातली कापसाची काळी, तिचीच सख्खी बहीण. पाण्यानं फुगणार, उन्हानं आक्रसून भेगाळणार. 'हाउस्टन ब्लॅक' या नावानं ती टेक्सासची राज्य-माती मानली जाते. तिच्यावर चार इंच खरवड नुसती अंथरली की पहिल्या पावसाळी आठवड्यात खडी खाली, चिखल वर. म्हणून वरची माती काढायची, खाली जिओटेक्स्टाइलचं कापड घालायचं, त्यावर सहा इंच फोडलेल्या चुनखडीचा थर दाबायचा आणि मग मिरवायचं काळं. आमच्या परभणीच्या भाऊंना हे सांगायला लागावं? पिढ्यान् पिढ्या ज्या मातीत बैलगाडी रुतली तिच्यावर ते भरवसा ठेवून बसले! मेमधल्या पावसानंतर त्यांच्या एसयूव्हीला गाईवाल्या आजोबांनी बाहेर ओढलं. लाडवांचा दुसरा डबा गेला.

तिसरं पाणी. बारा फुटी वाटेला मध्यावर दीड इंच उंचवटा द्यायचा, म्हणजे दर फुटाला पाव इंच उतार. इतकंच. डोळ्याला दिसत नाही, फोटोत तर नाहीच, म्हणून आमच्या मंडळींना त्यात रस नाही. पाणी वाटेवर थांबलं की मिलिंगमधून खाली झिरपतं, पाया भिजतो आणि खड्डा पडतो. मग ते नगरसेवक शोधतात. इथं नगरसेवक तेच.

खरा लाजिरवाणा प्रकार पुढंच आहे, कान इकडे करा. माल लवकर चिकटावा म्हणून काहीजण त्यावर डिझेल फवारतात! रात्री, शेजारी झोपल्यावर. डिझेल बिट्युमेन मऊ करतं हे खरं. आणि ते मातीत, ओढ्यात आणि पुढं पाण्यात उतरतं हेही तितकंच खरं. पश्चिमेकडच्या चुनखडीला भेगाच भेगा. ओढ्यांचं पाणी त्यांतून एडवर्ड्स ॲक्विफरच्या भूजलात शिरतं आणि बार्टन स्प्रिंग्जच्या झऱ्यात निघतं. दर रविवारी मुलांना तिथं पोहायला नेणारी ही माणसं! वर मुलांना विचारतात, "सनस्क्रीन रीफ-सेफ आहे ना?"

आणि एका घरी तर, नाव विचारू नका, पिकअपमधून एक गोड बोलणारा आला. "पलीकडच्या गल्लीत काम झालं, थोडं गरम डांबर उरलंय, आजच्या आज रोख दिले तर निम्म्या भावात." या देशातली ही इतकी जुनी ठकबाजी आहे की ग्राहक संरक्षणवाले वर्षानुवर्षं तिच्याबद्दल कानीकपाळी ओरडतायत. एरवी कोथिंबिरीच्या जुडीवर घासाघीस करणाऱ्या घरानं अर्ध्या तासात रोकड मोजली. काळं तेल शिंपडलेला इंचभर चुरा मिळाला. गवत त्यातून तिसऱ्या आठवड्यात डोकावलं. त्यांचं म्हणणं काय, तर "स्वतः करत बसायला वेळ कुणाला आहे?"

तेव्हा कुणी ड्राइव्हवेचं पुराण लावलं की एकच विचारायचं: पाणी कुठं जातं? आमच्या माहितीप्रमाणे याचं न अडखळता उत्तर आजवर एकीनंच दिलंय. टेलरजवळ राहते, माहेर वर्ध्याचं. काम काढायच्या आधी दोन जोराच्या पावसांत छत्री घेऊन फिरली आणि पाणी साचेल तिथं काडी रोवत गेली. ८११ ला फोन तिनं केला, कापड तिनं अंथरलं, दोरी आणि पाणसळ लावून उतार तिनं पाहिला, आणि ट्रकवाल्याला माल हायवेचाच आहे ना, हे तीनदा विचारून त्याला घाम फोडला. मेच्या पावसात तिच्या दारात थेंब थांबला नाही. आणि हे सगळं आम्हाला कळलं कसं? गाईवाल्या आजोबांच्या बायकोकडून! बाईनं एक फोटो टाकला नाही, ग्रुपवर चकार शब्द काढला नाही, पूजासुद्धा घातली नाही. एवढं स्वतः करायचं आणि कुणाला सांगायचं नाही? शोभतं का हे?