बँकेच्या संदेशाला उत्तर का देता येत नाही?

खात्यातून ४९९ रुपये गेले. स्टेटमेंटवर ओळ आहे, पण ती ओळ काहीच सांगत नाही. इंग्रजी मोठी अक्षरं, मध्ये एक चांदणी, कुणा कंपनीचं अर्ध्यात तुटलेलं नाव आणि पुढे आकड्यांची रांग. पैसे कुणी घेतले, कशाचे घेतले, घरातल्या कुणाच्या फोनवरून गेले, यातलं काहीही तिच्यातून कळत नाही. ब्रँचमध्ये गेलं की पहिला प्रश्न येतो, ‘हे तुम्हीच केलंय ना?’ जी ओळ बँकेनेच वाचता येणार नाही अशी छापली, तिचा जाब ग्राहकाला विचारायचा, ही रीत मला अजिबात मान्य नाही.

ऑनलाइन गेमच्या पैशांत हा घोळ हमखास होतो, कारण खेळाचं नाव एक आणि पैसे घेणाऱ्याचं दुसरंच. पोरं ज्याला फ्री फायर म्हणतात तो गरेना या कंपनीचा. बीजीएमआय क्राफ्टनचा, क्लॅश ऑफ क्लॅन्स सुपरसेलचा, फोर्टनाइट एपिक गेम्सचा. खरेदी गूगल प्लेमधून झाली असेल तर आधी गूगलचं नाव येतं आणि मागून, जागा उरली तर, कंपनीचं किंवा खेळाचं. ॲपलच्या दुकानातली असेल तर नुसतं ॲपलचं बिल. मध्ये एखादी पेमेंट गेटवे कंपनी असली तर कधी तिचंच नाव उरतं आणि खरा घेणारा दिसतच नाही. म्हणून अनोळखी ओळ दिसली म्हणजे चोरीच झाली असं नसतं. ओळखीचं ‘गूगल’ दिसलं म्हणजे सगळं ठीक, असंही नसतं, कारण चोरलेल्या कार्डावर त्या दुकानातही खरेदी करता येते.

शोध दहा-पंधरा मिनिटांत लागू शकतो. घरातल्या प्रत्येक फोनवर, प्रत्येक ईमेल खात्यात, प्ले स्टोअरच्या खरेदीची यादी उघडायची आणि तारीख व रक्कम जुळवून बघायची. यूपीआयने गेले असतील तर स्टेटमेंटवरचा बारा आकडी क्रमांक फोनपे किंवा गूगल पेच्या नोंदीत सापडतो, आणि तिथे घेणाऱ्याचा यूपीआय आयडीही दिसतो. यादीत खरेदी सापडली तर प्रश्न घरचा आहे. कुठेच सापडली नाही तर तो बँकेचा आहे, आणि मग घड्याळ सुरू झालेलं असतं.

हे घड्याळ सगळ्यांना पाठ असायला हवं. ६ जुलै २०१७ रोजी रिझर्व्ह बँकेने परिपत्रक काढून ग्राहकाची जबाबदारी ठरवून दिली. चूक बँकेची नाही, ग्राहकाचीही नाही, तिसऱ्याच कुणी पैसे काढले, आणि बँकेकडून सूचना मिळाल्यापासून कामकाजाच्या तीन दिवसांत तक्रार केली, तर ग्राहकाला एक रुपयाचीही झळ बसू नये. चौथ्या ते सातव्या दिवशी सांगितलं तर नुकसानीचा काही भाग आपल्यावर येतो. साध्या बचत खात्याला त्याची मर्यादा १०,००० रुपये, मूलभूत बचत खात्याला ५,०००. सातव्या दिवसानंतर बँकेचं स्वतःचं धोरण लागू होतं. दिवस मोजताना सूचना मिळाल्याचा दिवस धरत नाहीत आणि आपल्या शाखेच्या सुट्ट्याही वगळतात. चूक बँकेचीच असेल तर तक्रार कधी केली याला महत्त्व नाही, भार पूर्ण बँकेवर. सहकारी बँकांसाठी याच धर्तीचं परिपत्रक १४ डिसेंबर २०१७ ला निघालं, त्यामुळे गावातल्या नागरी बँकेने ‘तो नियम मोठ्या बँकांचा’ असं म्हणायला जागा नाही.

जुलैच्या त्या परिपत्रकात आणखी एक वाक्य आहे, आणि माझा सगळा राग त्या वाक्यापाशी येऊन थांबतो. बँकेने पाठवलेल्या एसएमएसला किंवा ईमेलला ग्राहकाला थेट उत्तर देऊन हरकत नोंदवता आली पाहिजे, त्यासाठी वेबसाइटचं पान किंवा पत्ता शोधत बसायची वेळ त्याच्यावर येऊ नये, असं त्यात स्वच्छ लिहिलं आहे. आता आपल्या फोनवरचा बँकेचा शेवटचा संदेश उघडा आणि उत्तर पाठवून बघा. माझ्या बँकेचा संदेश अक्षरी नावाने येतो, त्याला उत्तर जात नाही. ईमेलच्या तळाशी लिहिलेलं असतं की या पत्त्यावर उत्तर पाठवू नये. मग माणूस काय करतो? इंटरनेटवर ‘कस्टमर केअर नंबर’ शोधतो. तिथे भामट्यांनी पेरून ठेवलेले नंबर त्याची वाटच बघत असतात. पलीकडचा गोड आवाज ‘रिफंडसाठी एक ॲप टाका’ म्हणतो, फोनचा पडदा ताब्यात घेतो, आणि ४९९ शोधायला निघालेल्याचं अख्खं खातं रिकामं होतं. उत्तराची सोय नियमात सांगितली तशी संदेशातच असती, तर हा दुसरा दरोडा पडायचं कारण नव्हतं. बँका वर्षानुवर्षं ‘सावध राहा’ असे संदेश पाठवत आहेत. त्याच संदेशाला ‘हा व्यवहार माझा नाही’ एवढं उत्तर घ्यायची व्यवस्था त्यांनी करावी आणि रिझर्व्ह बँकेने ती आहे की नाही हे तपासावं, एवढी साधी मागणी आहे.

तोवर नंबर फक्त कार्डाच्या मागचा किंवा पासबुकावर छापलेला. त्याच्या जोडीला १९३० ही सायबर फसवणुकीची राष्ट्रीय हेल्पलाइन. तिथे लवकर कळवलं तर पैसा ज्या खात्यातून पुढे सरकतोय तिथे तो गोठवता येतो. उशीर झाला की तो चार खात्यांत फुटलेला असतो.

दुसरी भिंत लागते ती ओटीपीची. ‘ओटीपी तुमच्याच फोनवर गेला होता’ म्हणून फाइल बंद करायची घाई होते. ग्राहकाची जबाबदारी सिद्ध करायचा भार बँकेवर आहे, हेही २०१७ च्या परिपत्रकातच आहे. आपण स्वतः कुणाला ओटीपी किंवा पिन सांगितला असेल तर तक्रार करेपर्यंतचं नुकसान आपलं, हे खरं, आणि ते लपवूही नये. तक्रारीनंतर जे जाईल ते मात्र बँकेचं. परदेशी कंपन्यांच्या साइटवर तर अनेकदा ओटीपी विचारलाच जात नाही. कार्डाचा क्रमांक, मुदत आणि मागचे तीन आकडे एवढ्यावर व्यवहार होतो. चोर आधी किरकोळ रक्कम काढून कार्ड चालतंय का ते बघतात, आणि गेमचं दुकान त्यांना सोयीचं पडतं, कारण तिथे घेतलेली नाणी आणि कोड लगेच दुसऱ्याला विकता येतात. स्टेटमेंटवर अनोळखी वीस रुपये दिसले तर रक्कम लहान म्हणून सोडू नका. कार्ड त्याच क्षणी बंद करा.

एक बटण मात्र आपल्याच हातात आहे. जानेवारी २०२० मध्ये रिझर्व्ह बँकेने बँकांना सांगितलं की ऑनलाइन वापर, परदेशी वापर आणि टॅप करून पैसे देणं या प्रत्येकासाठी ग्राहकाला चालू-बंद करायची आणि मर्यादा ठरवायची सोय द्या. बँकेच्या ॲपमध्ये ती असते. ज्याला परदेशी खरेदी करायची नाही त्याने परदेशी वापर बंद ठेवावा.

दरमहा कापल्या जाणाऱ्या रकमांची गोष्ट वेगळी. गेम फोनमधून काढून टाकला म्हणजे वर्गणी थांबली असं बहुतेक घरांत समजलं जातं. ती थांबत नाही. कार्डावरची वर्गणी कापण्याच्या किमान २४ तास आधी बँकेने कळवायचं असतं, कुणाला आणि किती जाणार हे सांगायचं असतं आणि नको म्हणायची वाटही द्यायची असते. पण १५,००० रुपयांपर्यंतच्या हप्त्याला दर वेळी ओटीपी लागत नाही, म्हणून तो संदेश न वाचता सरकवला की पैसे गेलेच. यूपीआय ॲपमध्ये ‘ऑटोपे’ किंवा ‘मँडेट’ नावाचा कप्पा असतो, तो आज उघडून बघा. प्ले स्टोअरमधली सबस्क्रिप्शनची यादीही बघा.

आता घरचा प्रश्न. दहा वर्षांच्या मुलाने वडिलांच्या फोनवरून गेममधली नाणी घेतली, कुठे डायमंड, कुठे यूसी, कुठे रोबक्स. वडील आधी मुलाला मारतात आणि मग बँकेत जाऊन ‘चोरी झाली’ सांगतात. दोन्ही चूक. मार पडला की मूल पुढच्या वेळी संदेश डिलीट करायला शिकतं, आणि मग तीन दिवसांतले तिन्ही हातचे जातात. खोटी तक्रारही टिकत नाही, कारण फोन आपला, पिन आपला. इथे दार दुकानाचं ठोठावायचं. गूगल प्लेमध्ये ४८ तासांच्या आत परतावा मागता येतो, आणि खरोखर अनोळखी व्यवहार असेल तर १२० दिवसांपर्यंत कळवता येतो. ॲपलचीही तक्रारीची स्वतंत्र जागा आहे. आणि पुढच्या खरेदीसाठी दर वेळी पासवर्ड विचारण्याची सेटिंग त्याच संध्याकाळी लावायची.

सगळा दोष लेकरावर टाकू नका, असं मी ठामपणे म्हणतो, कारण या दुकानांची रचनाच तशी होती हे कागदोपत्री नोंदलं गेलं आहे. ॲपलच्या दुकानात एकदा पासवर्ड टाकला की पुढची पंधरा मिनिटं मुलांना न विचारता खरेदी करता येत होती. अमेरिकेच्या फेडरल ट्रेड कमिशनने हे प्रकरण लावून धरलं आणि २०१४ मध्ये ॲपलने किमान ३ कोटी २५ लाख डॉलर ग्राहकांना परत द्यायचं मान्य केलं. डिसेंबर २०२२ मध्ये फोर्टनाइटवाल्या एपिक गेम्सची पाळी आली. कार्ड आपोआप साठवून ठेवलं जायचं आणि एका बटणावर, कधी चुकून, पैसे जायचे, असा कमिशनचा आरोप होता. त्याहून वाईट म्हणजे, ज्यांनी कार्ड कंपनीकडे हरकत घेतली त्यांची गेमची खाती कंपनीने कुलूपबंद केली, असंही आरोपांत होतं. परताव्यासाठी साडेचोवीस कोटी डॉलर ठरले. आपल्याकडेही ३० नोव्हेंबर २०२३ च्या मार्गदर्शक सूचनांनी फसव्या रचनांचे तेरा प्रकार ठरवले, त्यात वर्गणीचा सापळाही आहे. तशी रचना दिसली तर १९१५ या ग्राहक हेल्पलाइनवर सांगा.

रमी आणि पैसे लावायच्या खेळांबद्दल लाजेने गप्प बसणारे पुष्कळ आहेत. संसदेने ऑगस्ट २०२५ मध्ये केलेल्या कायद्यात असे खेळ चालवणाऱ्याला आणि त्यांची जाहिरात करणाऱ्याला शिक्षा आहे, बँकांनाही त्यांचे पैसे फिरवायला मनाई आहे. नुसतं खेळणाऱ्याला त्यात शिक्षा नाही. तेव्हा अशा नावाने खात्यातून पैसे गेले तर घरच्यांपासून लपवू नका, तक्रार करा.

तक्रार लेखी हवी. मराठीत, एका पानावर: खाते क्रमांकाचे शेवटचे चार आकडे, व्यवहाराची तारीख, रक्कम, स्टेटमेंटवरची ओळ अक्षर न बदलता, संदेश किती वाजता आला, फोनवर कधी कळवलं आणि तेव्हा मिळालेला तक्रार क्रमांक. खाली ‘हा व्यवहार मी केलेला नाही, ६ जुलै २०१७ च्या परिपत्रकानुसार रक्कम कामकाजाच्या दहा दिवसांत खात्यात तात्पुरती जमा करावी’ एवढं वाक्य. निकाल ९० दिवसांत लागायला हवा; न लागल्यास नियमाप्रमाणे भरपाई द्यावी लागते. दुसऱ्या प्रतीवर शिक्का आणि तारीख मागा. काउंटरवरचा माणूस ‘पोच देत नाही’ म्हणाला तर तेच पत्र ईमेलने पाठवा. तीस दिवसांत उत्तर आलं नाही किंवा पटलं नाही, तर रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडे जा. तिथे फी नाही, वकील लागत नाही, आणि ४९९ रुपयांची तक्रारही घेतली जाते.