काटोल रोडवर बर्फ

"ऐकलं का काकू, आपले कोपऱ्यावरचे कॉन्ट्रॅक्टर काटोल रोडच्या वावरात बर्फाचं रिंक काढून राहिले म्हणे! स्केटिंगचं, छताखाली."

काकू कूलरमध्ये पाणी भरत होत्या. पाइप तसाच सोडून भिंतीशी आल्या.

"अन् लाइटचं बिल कोण भरणार, त्याचा बाप?"

बर्फावर बोलायचा अधिकार आमच्या गल्लीत काकूंचाच. लेक कॅनडात, सॅस्कॅचेवानच्या एका खेड्यात. काकू एक अख्खा हिवाळा तिथे काढून आल्या. गावात किराण्याचं दुकान एकच, पण हॉकीचं अरीना पक्कं.

"पण काकू, बाहेर उणे तीस असताना आत बर्फ कशाला जमवायचा?"

"मीही जावयांना हेच विचारलं. उघड्यावरच्या बर्फावर भुरभूर बर्फ पडून तो खडबडीत होतो, अन् दोन दिवस ऊन पडलं की पिचपिच. आत कसं, काँक्रीटमध्ये नळ्या, नळ्यांत गार खारं पाणी, मागे अमोनियाचं कॉम्प्रेसर. आपल्या बर्फाच्या फॅक्टरीत लाद्या करतात ना, तेच तंत्र. ही लादी फक्त सव्वा इंच जाड अन् दोनशे फूट लांब. अन् मधेमधे ती झाम्बोनी गाडी फिरते. बर्फ तासते अन् वरून गरम पाणी सोडते."

"गरम?"

"हो ना बाप्पा! त्यानं ओरखडे विरघळतात, मग गुळगुळीत जमतं. तो झाम्बोनी कॅलिफोर्नियाचा, धंदा बर्फाच्या लाद्यांचा. घरोघरी फ्रीज आले, लाद्या कोण घेते? मग १९४० मध्ये रिंकच काढलं त्यानं, अन् १९४९ मध्ये ही गाडी."

"पण खेड्याला परवडते कसं?"

"गणेश मंडळासारखंच. वर्गणी, जेवणावळी, लॉटरी. कँटीनमध्ये पाळीपाळीनं पोरांच्या आया. माझ्या लेकीनं एकदा पोहे ठेवले."

"खपले?"

"दोन प्लेटा मीच घेतल्या."

मग काकू डेहराडूनवर आल्या. तिथे २०११ च्या दक्षिण आशियाई हिवाळी स्पर्धांसाठी मोठ्ठं रिंक बांधलं. खेळ झाले, विजेचा खर्च झेपेना, वर्षानुवर्षं कुलूप. २०२५ मध्ये कुठे पुन्हा आशियाई स्पर्धा झाली. "ते हिमालयाच्या पायथ्याशी! आपल्या नागपुरात २०१३ च्या मे महिन्यात पारा ४७.९ वर गेला होता. इथे माणसं जमत नाहीत दुपारी, बर्फ काय जमते?"

मला मात्र पोरांचं वाईट वाटतं. पुण्याची स्केटर श्रुती कोतवाल चाकांवरूनच बर्फावर गेली, पण सरावाला परदेश गाठावा लागला. तसं म्हटलं मी.

"पोरांसाठी काढत असेल तर सोन्याहून पिवळं," काकू म्हणाल्या. "पण हा माणूस गणपतीच्या वर्गणीला दार उघडत नाही, अन् रिंक चालवणार? बरं, ती झाम्बोनी कोण चालवणार?"

"साळा म्हणे."

"होळीला ट्रॅक्टर नालीत घातला तोच ना?"

"तोच. अन् रस्ता कोरडा होता."