नवशिक्यांसाठी लिलावमार्गदर्शिका: घर मिळेल, ताब्याचं बघू

आधी अंजनवेलला या. वाशिष्ठीच्या मुखावर गोपाळगड उभा आहे. हा आख्खा किल्ला एके काळी सरकारी लिलावात खाजगी मालकीचा झाला, तटाच्या आत आंब्याची कलमं लागली आणि पुढे सरकारनंच त्याला संरक्षित स्मारक ठरवलं. खंदक-बुरुजांसकट घेतलेल्या वास्तूची ही गत, तर तुमच्या पडवीला कडी तरी आहे का ते बघा. शेजारचा एन्रॉनचा वीजप्रकल्प २००१ मध्ये बंद पडला, त्याची मालमत्ता मार्गी लागायला २००५ मध्ये नवी कंपनी काढावी लागली. तिच्या पाठीशी गेल आणि एनटीपीसी या सरकारी कंपन्या होत्या. तुमच्या पाठीशी मेहुणा आहे.

आता पेपर उघडा. थकलेल्या कर्जापोटी गहाण घर बँकेला विकू देणाऱ्या सरफेसी कायदा, २००२ खालची लिलावाची जाहिरात दिसेल. किंमत पाहून हरखू नका, खालची बारीक अक्षरं वाचा: ‘जसे आहे, जेथे आहे’. म्हणजे चिरेबंदी घर, विहीर, थकलेली घरपट्टी आणि झोपाळ्यावर बसलेले काका, सगळं आहे तसं तुमचं.

मग ‘ताबा’ हा शब्द शोधा. तो दोन जातींचा असतो. बँकेचा माणूस आला, दारावर नोटीस डकवली, फोटो काढला, दोन पेपरांत (त्यातला एक स्थानिक भाषेतला) छापून आणलं आणि पुढची फेरीबोट गाठली, की झाला सांकेतिक ताबा. या काळात आत चहा उकळत असतो. प्रत्यक्ष ताबा म्हणजे किल्ली. जाहिरातीत ‘सांकेतिक’ लिहिलेलं असेल, तर स्वस्ताईचं कारण तुम्हाला सापडलं.

पैशाला मात्र सांकेतिक प्रकार नाही. बोली जिंकलात की त्याच दिवशी, फार तर पुढच्या कामाच्या दिवशी, २५ टक्के भरा. उरलेले १५ दिवसांत. लेखी मुदतवाढ मिळाली तरी तीन महिन्यांच्या पुढे नाही. चुकलात तर भरलेलं जप्त. ताब्यासाठी बँकेनं जिल्हादंडाधिकाऱ्यांकडे कलम १४ खाली अर्ज करायचा असतो. त्यांनी ३० दिवसांत, कारणं नोंदवून जास्तीत जास्त ६० दिवसांत आदेश द्यावा, असं कायदा म्हणतो. कायद्याचं कॅलेंडर छान छापलेलं आहे, आपण ते भिंतीला लावावं. घरात जुना भाडेकरू असेल तर आणखी थांबा: भाडे नियंत्रण कायद्याचं संरक्षण असलेल्याला सरफेसी दाखवून बाहेर काढता येत नाही, असं सर्वोच्च न्यायालयानं २०१६ मध्ये सांगितलंय.

धीर हवा असेल तर सेलिर विरुद्ध बाफना मोटर्स वाचा. जून २०२३ मध्ये सेलिरनं १०५.०५ कोटींची बोली जिंकली, पूर्ण रक्कम भरली. तोवर कर्जदार बाफना १२९ कोटी घेऊन हजर! मुंबई उच्च न्यायालयानं त्याला कर्ज फेडून मालमत्ता सोडवू दिली. सप्टेंबरमध्ये सर्वोच्च न्यायालयानं ते उलटवलं: लिलावाची नोटीस प्रसिद्ध झाली की सोडवून घेण्याचा हक्क संपतो. विक्री प्रमाणपत्र आलं, ताबा काही येईना. अवमान याचिका झाली, आणि डिसेंबर २०२४ मध्ये न्यायालयाला पुन्हा ‘ताबा द्या’ म्हणावं लागलं. शंभर कोटीवाल्यालाही दिल्लीच्या दोन वाऱ्या पडल्या. तुमचं बजेट काय म्हणालात?

कोकणासाठी खास सूचना: सातबारा काढाच. शेतजमीन सरफेसीत येत नाही, आणि आपल्याकडे घराचं जोतं संपून बाग कुठे सुरू होते हे तलाठीसुद्धा चटकन सांगत नाही. शिवाय हिस्सेदार. कर्ज एकानं काढलेलं असतं, उताऱ्यावर नावं अकरा असतात, पैकी तीन डोंबिवलीत.

समजा, हे सगळं निभावलं. पोलीस बंदोबस्तात कुलूप तुटलं, पंचनामा झाला, किल्ली हातात आली. आत जाताना मागच्या बेड्याकडे बघा. तिथे कोयती घेतलेला शेजारी उभा असेल. त्याला नमस्कार करा, नाव विचारा. तो सांगेल, “घर तुमचा, बरोबर. पण विहिरीवरची वहिवाट आमची हाय, आजोबाच्या वेळपासून.”