पंधरा रुपयांची तारामती

मुंबईत एकट्या पोराची एक सोय असते, त्याच्याकडे कोणी बघत नाही. दादरच्या पुलावर तो मधोमध उभा राहिला तरी गर्दी त्याला वळसा घालून जाते, आणि लालबागच्या खानावळीत वाढप्या बघतो तो त्याच्या ताटाकडे. त्यामुळे कोणी अनोळखी माणूस टक लावून बघू लागला, की पोराचा हात आधी खिशाकडे जातो.

अण्णा साळुंक्यांवर ही वेळ आली तेव्हा ते ग्रँट रोडच्या एका हॉटेलात आचारी होते आणि बघणाऱ्याची नजर नेमकी त्यांच्या हातांवरच होती. ते गिऱ्हाईक म्हणजे धुंडिराज गोविंद फाळके. बिचारे आपल्या 'राजा हरिश्चंद्र' या सिनेमासाठी राजाची राणी तारामती शोधून थकले होते. जाहिरात देऊन झाली. बदनाम वस्तीतल्या बायकांनीही सिनेमा म्हटल्यावर नाक मुरडलं. अशात चहा पिता पिता त्यांना ही सडपातळ अंगकाठी आणि नाजूक बोटं दिसली.

भट्टीपाशी घामाघूम झालेल्या माणसाला परका गृहस्थ विचारतो, राणी होशील का? मी असतो तर मालकाला हाक मारली असती. पण हॉटेलात पगार होता महिना १० रुपये, आणि फाळके देत होते १५. इतिहासकार ही वाढ ओझरती सांगून कलेकडे वळतात. मला ती फार महत्त्वाची वाटते. पाच रुपये जास्त मिळत असतील, तर माणूस वेड्याचंही निदान शेवटपर्यंत ऐकून घेतो.

शिवाय दादरला फाळक्यांच्या बिऱ्हाडी पगाराबाहेरचं एक सुख होतं. सगळ्या मंडळींचा स्वयंपाक फाळक्यांच्या पत्नी सरस्वतीबाई करायच्या. रोज परक्यांसाठी रांधणाऱ्या आचाऱ्याला आयतं वाढलेलं ताट! तेवढ्यासाठी मीही पदर घेतला असता.

३ मे १९१३ ला गिरगावात, कोरोनेशनमध्ये 'राजा हरिश्चंद्र' लागला आणि लोक पैसे मोजून साळुंक्यांकडे बघू लागले.

१९१७ च्या 'लंकादहन'मध्ये तर राम तेच आणि सीताही तेच. इकडे रामाच्या आठवणीने झुरायचं, तिकडे सीतेसाठी व्याकूळ व्हायचं, दोन्ही कामं एकाच पगारात. खोलीवर एकटं राहणाऱ्याला यात फारसं नवल वाटू नये. रुसणारा तोच आणि समजूत काढणाराही तोच. खरी पंचाईत हनुमानाची. समुद्र ओलांडून अंगठी पोचवायची, ती साळुंक्यांची साळुंक्यांनाच.