दोन नंबरचे साहेब

भोसरी-चाकण पट्ट्यात गाड्यांचे सुटे भाग बनवणाऱ्या कारखान्यांत एक नंबरचे शेठ असतात, आणि कारखाना चालवणारे दोन नंबरचे साहेब. कार्डावर ‘व्हाइस प्रेसिडेंट, ऑपरेशन्स’. प्रत्यक्षात कॅन्टीनचा रस्सा पातळ झाला तरी फोन यांनाच. पायात सेफ्टी शूज, ते लग्नकार्यालासुद्धा. मुलगी कितवीत आहे हे बायकोला विचारून सांगतील, पण दीडशे टनी प्रेसचं बेअरिंग कधी बदललं ते झोपेत सांगतील.

‘तुमच्या ब्रॅकेटपायी लाइन थांबतेय,’ असा गिऱ्हाइकाचा फोन आला की साहेबांच्या चेहऱ्यावर जे तेज चढतं ते खंडेनवमीच्या पूजेलाही चढत नाही. पेटी स्वतःच्या डिकीत टाकून निघतात, डेबिट नोट वाचवतात आणि परतल्यावर ड्रायव्हरला झापतात.

अशा माणसाला शेठ एका कोर्सवरून आल्या आल्या म्हणाले, “आता जरा स्ट्रॅटेजिक विचार करा. पाच वर्षांनी आपण कुठे असू?”

“इथेच, शेठ. एमआयडीसीचं लीज 95 वर्षांचं आहे.”

मग लोणावळ्याला दोन दिवसांचं शिबिर. सल्लागाराने कागद वाटले. ‘धोके’ या रकान्यात साहेबांनी लिहिलं, ‘चाकणचा तळेगाव चौक’. ‘संधी’च्या रकान्यात: ‘पहाटे चारला तळेगाव चौक रिकामा असतो’. सल्लागाराने डोक्याला हात लावला.

मला विचाराल तर साहेबांचं घराणं जुनं आहे. 1660 मध्ये याच चाकणच्या संग्रामदुर्गात फिरंगोजी नरसाळ्याने मूठभर माणसांनिशी शाहिस्तेखानाला जवळजवळ दोन महिने थोपवून धरलं. लाल महालाचा बेत महाराजांनी 1663 मध्ये तडीस नेला. पण महाराज ‘दारूगोळा पोचला का?’ म्हणून फिरंगोजीला रात्री अकराला फोन करत नव्हते. आमचे शेठ करतात. दिवसभर आजचं विचारायचं आणि वर्षाअखेरीस ‘हे पुढचं बघतच नाहीत’ म्हणून शेरा मारायचा!

2020 च्या जानेवारीत चेतक बॅटरीवर परत आली तेव्हा शेठनी तिच्यासोबत फोटो काढला. साहेबांनी गाडीखाली वाकून पाहिलं. सायलेन्सर नव्हता. कारखान्याचा निम्मा माल सायलेन्सरच्या ब्रॅकेटचा. त्यानंतर ब्रॅकेटच्या नव्या डायची फाइल आली की साहेब ती परत पाठवत. ‘जुनीच घासून चालवू.’ शेठना वाटे, माणूस चिकट आहे.

परवा शेठनी पंचतारांकित हॉटेलात कुणाचं तरी भाषण ऐकलं आणि धावत आले. “अहो, सायलेन्सर जाणार!”

“म्हणून तर तीन वर्षं डाय केली नाही, शेठ. प्रेसही दोन मोकळ्या ठेवल्यात.”

“मग बोलला का नाहीत?”

“मीटिंगला सांगायला सुरुवात केली होती. तुम्ही विचारलंत, गाडी गेली का.”

शेठ जरा वरमले. म्हणाले, “बरं, आता रोजचं सोडा. बॅटरीच्या ट्रेचं काम तुमच्याकडे. पुढच्या दहा वर्षांचा विचार करा.”

साहेबांनी खिशातून डायरी काढली. “करतो की. पहिला लॉट कितीचा, आणि कुठल्या शिफ्टला लावू?”